नोलाचा पाउलिनुस: प्रांतपालपद, बाप्तिस्मा, निवृत्ती यांचा क्रम कसा लावायचा?

धंतोली_वाचक

नमस्कार मंडळी. आमच्या नागपूरच्या अभ्यासमंडळात सध्या उत्तरकालीन रोमन साम्राज्य चालू आहे. पुढच्या बैठकीत नोलाच्या पाउलिनुसवर पाऊण तास बोलायचं काम माझ्याकडे आलंय. ढोबळ कथा ठाऊक आहे. बॉर्दोचा गर्भश्रीमंत सिनेटर, कवी ऑसोनियुसचा लाडका शिष्य, इटलीतल्या कांपानिया प्रांताचा प्रांतपाल. मग बाप्तिस्मा, जमीनजुमला विकून नोलाजवळ संत फेलिक्सच्या समाधीपाशी मुक्काम, पुढे तिथलाच बिशप, मृत्यू ४३१. पण टिपणं काढायला बसलं की तारखा एकमेकींना धडकतात.

अडलेलं सांगतो. प्रांतपाल नेमका कधी होता? कुठे ३७९ आहे, कुठे ३८१. पद सोडलं ते धर्मासाठी, की सम्राट ग्रातियानुस मारला गेला म्हणून? मालमत्ता "सगळी विकली" असं सगळेच लिहितात, मग नोलाला एवढी बांधकामं कशाच्या जोरावर झाली? विधवेच्या मुलाला सोडवायला हा स्वतः गुलाम झाला, ती गोष्ट सांगावी का?

आणि एक. आपल्याकडे धर्मांतर म्हटलं की श्रोत्यांना आधी दीक्षाभूमी आठवणार. ती तुलना करावी की टाळावी?

जुनी_पोथी

आधी तारखा. दुसऱ्यांचे सारांश बाजूला ठेवा आणि पाउलिनुसच्याच कवितांवरून हिशेब मांडा, म्हणजे धडकाधडक थांबेल. फेलिक्सच्या उत्सवासाठी तो दरवर्षी एक कविता लिहायचा. उत्सव १४ जानेवारीला, म्हणजे आपल्या संक्रांतीचीच तारीख, लक्षात ठेवायला सोपी. पहिली कविता स्पेनमध्ये असताना जानेवारी ३९५ साठी लिहिली, दुसरी नोलाला पोचल्यावर जानेवारी ३९६ साठी. या दुसऱ्या कवितेत (प्रचलित क्रमांक १३) तो फेलिक्सला म्हणतो, तुझ्या उत्सवात तुझ्यासमोर मी मन वाहिलं त्याला तीन लुस्त्रुम झाले. एक लुस्त्रुम पाच वर्षांचं. ३९६ मधून १५ वजा केले की जानेवारी ३८१ येतो. त्या दिवशी तो कांपानियात होता, ही आपली पक्की खुंटी.

रोमन लोक मोजताना दोन्ही टोकं धरत, त्यामुळे एखादं वर्ष इकडेतिकडे होतं. म्हणून व्याख्यानात "३८१ च्या सुमारास" म्हणा. ३७९ कुठून येतं तेही सांगतो. ऑसोनियुस ३७९ चा कॉन्सुल (रोमचं सर्वोच्च मानाचं पद). तो पाउलिनुसला लिहितो की कॉन्सुलच्या खुर्चीवर तू माझ्याआधी बसलास. म्हणजे पाउलिनुसचं बदली-कॉन्सुलपद (वर्षाच्या मध्ये नेमलेल्या कॉन्सुलचं) ३७९ च्या अलीकडचं असू शकत नाही, बहुधा ३७७ किंवा ३७८. ही कॉन्सुलपदाची सीमा घाईत प्रांतपालपदाला चिकटवली की घोळ होतो. पदं दोन, ठिकाणं दोन: कॉन्सुल रोममध्ये, प्रांतपाल कांपानियात, कचेरी कापुआला.

आता दुसरी खुंटी, जानेवारी ४०७ ची कविता, क्रमांक २१. ही मुळातून वाचाच, भाषांतरातून का होईना. प्रांतपालपदाबद्दल तो स्वतः जे सांगतो ते बहुतेक सगळं इथे आहे. माझी कुऱ्हाड माणसाच्या रक्ताने विटाळली नाही, म्हणजे कारकिर्दीत कुणाला देहदंड दिला नाही, याचं श्रेय तो फेलिक्सला देतो. कोवळ्या दाढीची पहिली अर्पणं त्याने समाधीपुढे ठेवली. समाधीकडे जाणारा रस्ता त्याने फरसबंद करून घेतला. समाधीला लागून लांबच लांब छप्पर उभारलं, तिथे आधी गोरगरीब उतरायचे. पुढे त्याच छपरावर मजला चढवून पाउलिनुस आणि त्याची मंडळी वर राहू लागली, गरीब खाली. कवितेत तो म्हणतो, खालच्यांच्या प्रार्थना आमचा पाया सावरतात, आम्ही त्यांना निवारा देतो.

याच्यासाठीच मी "पद सोडलं आणि मग धर्म आला" असा सरळ क्रम मानत नाही. फेलिक्सची ओढ प्रांतपाल असतानाच लागलेली होती. बाप्तिस्मा मात्र त्यानंतर सुमारे आठ वर्षांनी झाला, बॉर्दोचा बिशप डेल्फिनुस याच्या हातून, ३८९ च्या आसपास. मधली वर्षं उडवू नका:

३८३, २५ ऑगस्ट: ग्रातियानुस लियोंमध्ये मारला गेला. सत्ता बंडखोर माग्नुस माक्सिमुसच्या हाती.
त्या सुमारास: पाउलिनुस अॅक्विटेनला (बॉर्दोच्या प्रदेशात) परत, स्पेनच्या श्रीमंत घराण्यातल्या थेरासियाशी लग्न.
बाप्तिस्म्यानंतर: स्पेन. मुलगा केल्सुस जन्मला आणि आठव्या दिवशी गेला. त्याला कोम्प्लुतुम (आजचं आल्काला दे एनारेस) इथे हुतात्म्यांच्या थडग्यांजवळ पुरलं.
३९४, नाताळ: बार्सिलोनात लोकांच्या आग्रहाने बिशप लांपियुसने त्याला थेट प्रेस्बिटर (बिशपच्या खालचा धर्मगुरू) केलं. बार्सिलोनाच्या चर्चशी बांधील राहणार नाही, ही अट त्याने आधीच घातली होती.
३९५: रोममार्गे नोला.

भावाचा खून या यादीत वर्ष घालून बसवू नका, कारण पाउलिनुस वर्ष देत नाही. २१ व्या कवितेत इतकंच कळतं की भावाच्या खुनामुळे त्याच्यावरही बालंट येणार होतं, मालमत्तेच्या लिलावाला गिऱ्हाईकसुद्धा येऊन ठेपलं होतं, आणि फेलिक्सने मान आणि मिळकत दोन्ही वाचवलं. "ग्रातियानुसमुळे की धर्मामुळे" या प्रश्नाचं उत्तर इथेच आहे. राजकारणाने त्याला धोका दाखवला, मुलाच्या मृत्यूने घर रिकामं केलं, आणि फेलिक्स आधीपासून मनात होता. यातलं एक कारण निवडून बाकीची टाकली की माणूस हातून निसटतो.

कवितांच्या क्रमांकांचं एक लक्षात ठेवा. हार्टेलने १८९४ साली संपादन केलं, त्याचे क्रमांक आज सगळीकडे चालतात आणि ते कालक्रमाने नाहीत. २७ वी जानेवारी ४०३ ची, २८ वी ४०४ ची, पण १९ वी ४०५ ची आणि २१ वी ४०७ ची. क्रमांकावरून "नंतरची कविता" ठरवाल तर फसाल.

महसूल_दप्तर

जुनी_पोथी यांनी क्रम लावून दिला. मी पद आणि पैसा या दोनच गोष्टींवर लिहितो.

कांपानियाच्या प्रांतपालाचा दर्जा कॉन्सुलारिस. सैन्य त्याच्या हाताखाली नाही, डायोक्लेतियन-कॉन्स्टंटाइनच्या फेररचनेत ते वेगळं काढलेलं. त्याच्याकडे उरतं ते न्यायदान, करवसुलीवर देखरेख आणि सार्वजनिक बांधकामं. मुदत साधारण वर्षभराची. इतकं छोटं पद का घ्यायचं? सिनेटर घराण्यातल्या पोराला कारकिर्दीत एक-दोन अशी पदं करून मोकळं व्हायचं आणि मग इस्टेटीवर जाऊन साहित्य, शिकार, पत्रव्यवहार यांत रमायचं, ही रीतच होती. म्हणजे तिशीच्या आत पद सोडून घरी जाण्यात त्या काळी कुणाला काही वावगं वाटलं नसतं. गहजब झाला तो नंतर, त्याने इस्टेटच मोडायला काढली तेव्हा. व्याख्यानात हा फरक ठळक करा. "निवृत्ती" या एका शब्दाखाली दोन वेगळ्या कृती दडपल्या जातात.

बांधकामांबद्दल चौथ्या शतकातले कायदे वारंवार बजावतात की प्रांतपालाने नवं काम काढण्याआधी जुनी अर्धवट कामं पुरी करावीत, पडझड दुरुस्त करावी. रस्ता फरसबंद करणं त्या चौकटीत बसतं. गरिबांसाठी समाधीला लागून छप्पर घालणं मला त्या पलीकडचं वाटतं.

आता मालमत्ता. "एका दिवसात सगळं विकलं" हे चित्र बहुतेक लेखांत येतं आणि ते टिकत नाही. कारण कुठल्याही सिनेटरची मिळकत सलग नसायची. पाउलिनुसची अॅक्विटेनमध्ये, बायकोची स्पेनमध्ये, शिवाय इटलीत फुंदी गावाजवळ. फुंदीचं तर तो मित्र सेवेरुसला लिहिलेल्या ३२ व्या पत्रात सांगतो: तिथे माझी जमीन होती तोवर गाव माझ्या ओळखीचं होतं, म्हणून तिथेही चर्च बांधतोय. "होती" म्हणजे तोवर विकून झालेली. हे पत्र ४०३-४०४ च्या सुमाराचं. म्हणजे विक्री टप्प्याटप्प्याने, वर्षानुवर्षं चालली, आणि येणारा पैसा गोरगरीब, कैद्यांची सुटका, कर्जबाजाऱ्यांची देणी आणि बांधकाम यांत वळत गेला. नोलाच्या खर्चाचं कोडं यातच सुटतं. आधी सगळं वाटून मग भिक्षेवर चर्च बांधलं असं झालेलं नाही; वाटणं आणि बांधणं हा एकच व्यवहार होता.

ऑसोनियुसला नेमकं हेच झोंबलं. जुन्या पाउलिनुसचं राज्य शंभर मालकांत फाटून जाताना पाहावं लागू नये, असं तो लिहितो. या ओळीला भावनेपुरती ठेवू नका. मोठी इस्टेट फुटते तेव्हा तिच्यावर उभं असलेलं सगळं हलतं: कुळं, गुलाम, आश्रित, गावचे कर कोण भरणार ते. मिलानचा बिशप आंब्रोस एका पत्रात मोठ्या घराण्यांची प्रतिक्रिया आधीच सांगून ठेवतो: असल्या कुळातला, असल्या वक्तृत्वाचा माणूस सिनेट सोडून गेला आणि वंशाची परंपरा तुटली, हे सहन होण्यासारखं नाही, असं लोक म्हणतील. आंब्रोस हे बाहेरून बोलत नव्हता. ३७४ साली बिशप होण्याआधी तो स्वतः त्याच दर्जाचा प्रांतपाल होता, एमिलिया-लिगुरियाचा.

इस्टेट मोडणं घाईने केलं तर काय होतं, यासाठी जोडीला धाकटी मेलानिया आणि पिनियानुस हे श्रीमंत रोमन जोडपं घ्या. हे दोघं जानेवारी ४०७ मध्ये नोलाला पाउलिनुसकडेच होते, २१ व्या कवितेत त्यांची नावं आहेत. वय कमी, नातेवाइकांचा विरोध, विक्रीसाठी दरबाराची मदत घ्यावी लागली. पिनियानुसचं वार्षिक उत्पन्न त्यांच्या चरित्रात १,२०,००० सोन्याची नाणी दिलंय, बायकोचं वेगळं. रोममधलं घर इतकं मोठं की गिऱ्हाईक मिळेना. शहराजवळच्या इस्टेटीवरच्या गुलामांनी विक्रीविरुद्ध बंड केलं, कारण नवा मालक कसा निघेल याची त्यांना धास्ती होती. पाउलिनुसच्या बाबतीत असं काही ऐकू येत नाही, आणि त्याचं एक कारण मला त्याचा संथपणा वाटतो. प्रशासन केलेल्या माणसाचा हात त्यात दिसतो.

धंतोली_वाचक

फार मोलाचं मिळालं, दोघांचेही आभार. ऑसोनियुसचा विषय निघालाच आहे तर विचारतो. त्याने सगळा दोष थेरासियाला दिला म्हणतात. पाउलिनुसने उत्तर द्यायला चार वर्षं लावली, हा राग होता का?

जुनी_पोथी

राग नव्हता, टपाल होतं. दहाव्या कवितेची सुरुवातच अशी आहे की कापणीवाल्यांचा हा चौथा उन्हाळा आला, तुझ्याकडून एक ओळ नाही. मग तो सांगतो की पत्रं आली ती तीन एकदम. पिरेनीजपलीकडे पत्र न्यायला खात्रीचा माणूस मिळेपर्यंत थांबावं लागायचं. इकडे ऑसोनियुस उत्तराची वाट पाहत एकाहून एक कडक पत्रं लिहीत राहिला आणि तिकडे ती गठ्ठ्याने पोचली. पत्रांचा क्रम लावताना लिहिल्याची तारीख आणि पोचल्याची तारीख वेगळी धरा, नाहीतर पाउलिनुस विनाकारण आडमुठा दिसतो.

थेरासियाचं म्हणाल तर ऑसोनियुसने तिला तानाक्विल म्हटलं, रोमच्या जुन्या राजाची नवऱ्यावर हुकमत गाजवणारी राणी. पाउलिनुसचं उत्तर एका ओळीचं: माझी बायको तानाक्विल नाही, लुक्रेशिया (रोमन कथांतली आदर्श पतिव्रता) आहे. रोमन शाळेत शिकलेल्या कुणालाही ही चपराक लगेच कळली असती. पुढे आफ्रिकेतला बिशप आउगुस्तिनुस याला गेलेल्या पत्रांवर दोघांची नावं आहेत, "पाउलिनुस आणि थेरासिया, पापी". व्याख्यानात तिला "पत्नी" एवढ्या शब्दात गुंडाळू नका. मिळकत तिचीही होती आणि निर्णयही तिचा होता.

अजून एक घोटाळा टाळा. ऑसोनियुस मूर्तिपूजक आणि पाउलिनुस ख्रिस्ती, असा सामना रंगवतात. ऑसोनियुस ख्रिस्तीच होता, त्याची ईस्टरची प्रार्थना उपलब्ध आहे. पाउलिनुस त्याच दहाव्या कवितेत लिहितो की ख्रिस्ताला वाहिलेलं हृदय काव्यदेवतांना आणि अपोलोला नकार देतं. पण हे लिहितो ते एकाच कवितेत तीन वृत्तं सफाईने वापरून. गुरूने दिलेली विद्या त्याने टाकली नाही, तिला दुसऱ्या कामाला जुंपलं. भांडण आहे ते "ख्रिस्ती झालो तर जुनं किती ठेवायचं" यावर.

सेमिनरी_हिल्स

बांधकामावर कुणी लिहिलं नाही म्हणून मी लिहितो, कारण पाउलिनुसमधला जुना अधिकारी मला तिथेच सगळ्यात स्पष्ट दिसतो. ठिकाण नोला शहरात नाही. शहराबाहेर मैलभर, आजच्या चिमितिले गावात. नकाशा लावलात तर हे दोन ठिपके वेगळे दाखवा.

नवी बासिलिका (लांबट आकाराचं चर्च) बांधली ४०१ ते ४०३ मध्ये. वर्णन ३२ व्या पत्रात आणि २७, २८ व्या कवितांत. तो स्वतः सांगतो की रिवाजाप्रमाणे तिचं तोंड पूर्वेला नाही, फेलिक्सच्या जुन्या बासिलिकेकडे आहे. दोन्हींच्या मधली भिंत फोडून कमानी काढल्या, म्हणजे एका इमारतीतून दुसरीतली समाधी दिसावी. गाभारा तीन पाकळ्यांचा. बाजूला दोन खोल्या: एकीत पूजाविधीची तयारी, दुसरीत पवित्र ग्रंथ वाचत बसायची सोय. गाभाऱ्याच्या अर्धघुमटात कुट्टिमचित्र (रंगीत तुकडे जडवून केलेलं, मोझेक) होतं. त्रैक्य (पिता, पुत्र, पवित्र आत्मा) तिथे माणसांच्या रूपात काढलेलं नाही. पुत्र कोकराच्या रूपात, आत्मा कबुतराच्या, आणि पित्याचा फक्त आवाज, आकाशातून. क्रुसाभोवती प्रकाशाचं वर्तुळ, त्याभोवती बारा प्रेषितांची बारा कबुतरं, आणि एका खडकातून निघणारे चार झरे म्हणजे चार शुभवर्तमानं. हे सगळं आपल्याला कळतं कारण चित्राखाली लिहायच्या ओळी त्याने पत्रात उतरवून दिल्या.

ओवऱ्यांमध्ये जुन्या कराराची चित्रं काढून घेतली आणि त्याचं कारण २७ व्या कवितेत अगदी कामाच्या भाषेत देतो. उत्सवाच्या रात्री खेड्यापाड्यांतून लोक येतात, थडग्यांपाशी खाणंपिणं चालतं, दारू चढते. चित्रं असली, वर मथळे असले, तर एकमेकांना दाखवण्यात आणि वाचून सांगण्यात वेळ जाईल, भूक लांबेल, प्याले कमी होतील. हा उतारा सभेत वाचून दाखवा. मनाई केली नाही, दुसरं काहीतरी समोर ठेवलं.

आता दोन अडचणी, ज्या कुठल्याही बांधकामाला येतात. पहिली जागेची. नव्या इमारतीच्या दर्शनी बाजूला दोन झोपड्या होत्या, लाकूड आणि गवताच्या. मालक हलायला तयार नाही, जीव जाईल पण घर देणार नाही, असं म्हणणारा. २८ व्या कवितेत पाउलिनुस हे लपवत नाही. वाद घालून मिळवलेला विजय आपल्याला गोड लागला नसता, अशी त्याची कबुली आहे. मग एका रात्री त्यातली एक झोपडी पेटली. आग पसरायला लागली तेव्हा पाउलिनुसने खऱ्या क्रुसाचा तुकडा समोर धरला, जो त्याला थोरल्या मेलानियाकडून (धाकटीच्या आजीकडून) मिळाला होता, आणि ज्वाळा मागे हटल्या. पहाटे पाहतात तर फक्त एक झोपडी गेलेली. दुसरी मालकाने स्वतःच पाडली. चमत्कार मानायचा की नाही हे ऐकणाऱ्यावर सोडा. पण काही वर्षांपूर्वी याच प्रांतात कुऱ्हाडीचा अधिकार बाळगलेला माणूस एका झोपडीवाल्यापुढे अडून बसतो, तेव्हा त्याने काय सोडलं होतं ते कळतं.

दुसरी अडचण पाण्याची. समाधीजवळ वाहतं पाणी नव्हतं, पावसाच्या पाण्याची टाकी तेवढी. कारंजी आणि हौद बांधून ठेवले आणि ते कोरडे. डोंगरापायथ्याच्या आबेला गावाकडून येणारी जुनी जलवाहिनी दुरुस्त करायचं ठरलं, तर नोलाच्या नागरिकांनी दंगा केला, की आमच्या वाट्याचं पाणी जाईल. शेवटी आबेलाच्या लोकांनी उन्हातान्हात डोंगरावर दगडचुना वाहून नेत बिनमजुरी काम केलं, पाणी आलं आणि शहरालाही पुरलं. २१ व्या कवितेत तो नोला शहराला चक्क रागावतो आणि मग समजूत काढतो. रस्ता, निवारा, पाणी: ३८१ ला हुकमाने जे होत होतं ते ४०७ ला विनवणीने. माझ्या मते तुमच्या व्याख्यानाचा कणा हाच असावा.

बर्डी_ते_बॉर्दो

छोटीशी भर. पाउलिनुस नावाचे बरेच आहेत, आंतरजालावर चित्रं-उतारे एकमेकांत मिसळलेले आढळतात. पेल्लाचा पाउलिनुस म्हणजे ऑसोनियुसचा नातू, त्याने म्हातारपणी आत्मचरित्रपर कविता लिहिली, इस्टेट त्यानेही गमावली पण गॉथांच्या धामधुमीत. मिलानचा पाउलिनुस म्हणजे आंब्रोसचा चरित्रकार. पेरिग्यूचा पाउलिनुस, ज्याने संत मार्टिनवर महाकाव्य केलं, तो पुढच्या पिढीतला. आणि फेलिक्सला "हुतात्मा" म्हणताना जपून. छळ सोसला, तुरुंग सोसला, पण मरण नैसर्गिक आलं.

महाल_अभ्यासक

राहिलेले दोन प्रश्न, गुलामीची कथा आणि दीक्षाभूमी.

कथा येते पोप ग्रेगरीच्या संवादांत, ५९३-५९४ च्या सुमारास लिहिलेल्या, म्हणजे पाउलिनुसच्या मृत्यूनंतर दीडशेहून जास्त वर्षांनी. वँडल लोकांनी कांपानियातून माणसं पकडून आफ्रिकेत नेली, एका विधवेच्या मुलाच्या बदल्यात बिशप पाउलिनुस गेला, राजाच्या जावयाकडे माळी म्हणून राबला. आता वर्षं मांडा. वँडल आफ्रिकेत उतरले ४२९ ला, कार्थेज घेतलं ४३९ ला, रोम लुटलं ४५५ ला. पाउलिनुस वारला २२ जून ४३१ ला. बसत नाही. याच्या उलट आउगुस्तिनुसची साक्ष समकालीन आहे. ४१० च्या धामधुमीत गॉथांनी नोला लुटलं तेव्हा पाउलिनुस त्यांच्या हाती सापडला आणि मनात प्रार्थना करत होता: प्रभू, सोन्याचांदीपायी माझा छळ होऊ देऊ नकोस, माझं सगळं कुठे आहे ते तुला ठाऊक आहे. हीच गोष्ट सांगा. त्या काळी श्रीमंताला पकडलं की दडवलेलं धन काढायला हाल करायचे, त्यामुळे ही प्रार्थना अगदी नेमकी आहे. दंतकथा सांगायचीच तर नोलाच्या उत्सवासोबत सांगा: दर जूनमध्ये सुमारे २५ मीटर उंचीचे आठ लाकडी मनोरे आणि एक नाव खांद्यावर घेऊन मिरवतात. नाव ती आफ्रिकेतून परतण्याची.

दीक्षाभूमीची तुलना टाळू नका. नागपूरच्या सभेत टाळली तरी ती श्रोत्यांच्या मनात होणारच, मग नीट केलेली बरी. जोडणारी गोष्ट एक: दीर्घ तयारी. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी येवल्याला घोषणा केली ऑक्टोबर १९३५ ला आणि नागपुरात दीक्षा झाली १४ ऑक्टोबर १९५६ ला, मध्ये २१ वर्षांचा अभ्यास. पाउलिनुसचंही ३८१ ते ३९५. धर्म बदलणं हा एका दिवसाचा झटका नसतो, हे इथे दोन्हीकडून दिसतं. यापुढे मात्र रस्ते वेगळे. पाउलिनुस समाजाच्या माथ्यावर होता आणि एकट्याने, फार तर बायकोसोबत, मानमरातब खाली ठेवला. १९५६ ला लाखो लोकांनी, ज्यांना माणूस म्हणून जागाच नाकारली होती, ती उभं राहून घेतली. एकाने दर्जा सोडला, दुसऱ्यांनी समतेचा हक्क उचलला. शिवाय पाउलिनुस ज्या धर्माकडे गेला तो तेव्हा सम्राटाचाच धर्म होता. त्यासाठी त्याला राज्याशी झगडावं लागलं नाही, झगडा झाला तो स्वतःच्या वर्गाशी, आणि थोडा रोमच्या बिशपशीसुद्धा. ३९५ ला रोममध्ये पोप सिरिसियुसने त्याला दूर ठेवलं. या पोपने ३८५ ला तार्रागोनाच्या बिशपला नियम कळवले होते की धर्मपदं पायरी-पायरीने द्यावीत, आणि बार्सिलोनात पाउलिनुसला एका उडीत प्रेस्बिटर केलं होतं. थंडपणाचं मूळ तिथे शोधा.

जोडीला प्रुदेंतियुस दोन मिनिटांत सांगा. हाही स्पेनचा, जन्म ३४८, वकिली केली, दोनदा प्रांतपाल झाला, दरबारात मान मिळाला, आणि वयाच्या ५७ व्या वर्षी कवितासंग्रहाच्या प्रस्तावनेत लिहितो की आता उरलेलं आयुष्य स्तोत्रांना. त्याच्या बाबतीत इस्टेट विकणं, स्थलांतर, मठ यातलं काही आपल्यासमोर येत नाही. दोघांना शेजारी ठेवलं की पाउलिनुसचा मार्ग त्या काळातही किती टोकाचा होता ते उठून दिसतं.

शेवटाला उरानियुसचं पत्र घ्या. हा नोलाचा प्रेस्बिटर, पाउलिनुसच्या मरणसमयी हजर. गरिबांना वाटलेल्या कपड्यांचे ४० सोलिदुस व्यापाऱ्यांना देणं आहे, असं त्या आजारपणात कुणीतरी काढलं. सोलिदुस म्हणजे सुमारे साडेचार ग्रॅम सोनं, तेव्हा रक्कम १८० ग्रॅम सोन्याची. पाउलिनुस म्हणाला काळजी करू नका. थोड्या वेळाने लुकानियाहून एक धर्मगुरू ५० सोलिदुस घेऊन आला, देणगी म्हणून. पाउलिनुसने दोन आणणाऱ्याच्या हाती ठेवले आणि बाकीच्यातून व्यापाऱ्यांचं देणं भागवायला सांगितलं.

वेळेची वाटणी अशी करता येईल: क्रम आणि तारखा १० मिनिटं, पद आणि मिळकत १०, ऑसोनियुस-थेरासिया ७, चिमितिलेची बांधकामं १०, आणि बाकी सगळं उरलेल्या ८ मध्ये. प्रश्नोत्तरांत "घंटेचा शोध पाउलिनुसने लावला ना?" असं कुणीतरी विचारेलच. ३२ व्या पत्रात तो चर्चची खोली न् खोली सांगतो, भिंतींवरच्या ओळीसुद्धा उतरवून देतो, आणि त्यात घंटा कुठेच नाही.